पाण्याच्या दोन वास्तू

मुलांनो, जगातील प्रसिद्ध वास्तू कोणत्या, असे विचारले तर तुम्ही ताजमहाल, इजिप्तचे पिरॅमिड, पॅरिसचा आयफेल टॉवर अशी नावे पटापट सांगाल. ताजमहाल आणि पिरॅमिड या कबरी आहेत. आयफेल टॉवर १८८९ साली एका प्रदर्शनासाठी उभारला गेला. या वास्तू पाहायला जगभरातून लोक येतात. पण काही वास्तू लोकांच्या रोजच्या गरजेसाठी बांधलेल्या असतात. अशा दोन वास्तू आपल्या कृष्णा नदीच्या खोऱ्यात आहेत. चला, त्यांची ओळख करून घेऊ.

साताऱ्याजवळ लिंब नावाचे गाव आहे. तेथे 'बारा मोटांची विहीर' आहे. १७१९ ते १७२४ या काळात वीरूबाई भोसले यांनी ती बांधून घेतली. विहीर सुमारे ११० फूट खोल आणि ५० फूट रुंद आहे. रुंद दगडी पायऱ्या उतरून आपण आत जातो. आत चक्क एक छोटा महाल आहे! भिंतींवर प्राण्यांची शिल्पे आहेत.

मोट म्हणजे पाणी काढण्याची चामड्याची मोठी पिशवी. ती दोराने बैलांना जोडत. बैल उतारावरून चालू लागले, की भरलेली मोट वर येई. मग पाणी पाटातून वाहत जाई. या विहिरीवर एकाच वेळी बारा मोटा चालत. त्या पाण्यावर आंब्याची बाग वाढली. आत महाल बांधला, तरी विहिरीचे मुख्य काम पाणी देण्याचेच होते.

आता आपण कृष्णेच्या काठाने खाली सांगलीला जाऊ. येथे नदीवर आयर्विन पूल आहे. तो १९२९ साली सुरू झाला. त्या वेळचे व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांचे नाव त्याला दिले आहे. हा पूल सांगली आणि सांगलीवाडी यांना जोडतो. शिवाय तो आणखी एक काम करतो. नदीचे पाणी किती चढले, हे या पुलाजवळ मोजतात. पाणी ४० फुटांवर गेले, की लोकांना इशारा मिळतो. ४५ फूट ही धोक्याची पातळी आहे.

साताऱ्याच्या डोंगरात मुसळधार पाऊस पडला, की ते पाणी कृष्णा आणि कोयना या नद्यांतून सांगलीकडे येते. ऑगस्ट २०१९ मध्ये पाणी ५७ फुटांच्याही वर गेले. हजारो लोकांना घरे सोडावी लागली. अशा वेळी सांगलीत जो तो एकच प्रश्न विचारतो, "आयर्विनला किती फूट?" त्या आकड्यावरून सामान कधी हलवायचे, म्हाताऱ्यांना आणि लहान मुलांना केव्हा बाहेर काढायचे, हे लोक ठरवतात.

मुलांनो, पाणी माणसाला जगवते आणि कधी कधी त्याचे घरही बुडवते. म्हणून या दोन्ही वास्तू आपल्याला मोलाच्या आहेत. त्या पाहायला जाल, तेव्हा दगडावर नाव कोरू नका, पाण्यात कचरा टाकू नका. तुमच्या गावातही एखादी जुनी विहीर, बारव किंवा पूल असेल. तो कोणी आणि कशासाठी बांधला, हे घरातील मोठ्या माणसांना विचारा.

शब्दार्थ
वास्तू – इमारत, बांधकाम
खोरे – नदीच्या दोन्ही बाजूंचा प्रदेश
पाट – पाणी वाहून नेणारा लहान कालवा
बारव – पायऱ्यांची विहीर
पातळी – पाण्याची उंची

स्वाध्याय
१. मोटेने पाणी कसे काढत?
२. पुराच्या वेळी सांगलीचे लोक आयर्विन पुलाजवळची पातळी का विचारतात?
३. 'पूल', 'बाग', 'इमारत' हे शब्द उर्दूतही आहेत. पाठातील असे आणखी शब्द शोधा.