‘मी कोण?’ या प्रश्नाची सोबत



१९८४ सालच्या पावसाळ्यातली गोष्ट. खानापूर तालुक्यातल्या एका खेड्यातून मराठी माध्यमात दहावी होऊन मी बेळगावात पी.यू.सी. शास्त्र शाखेला आलो होतो. शाळेत पहिला नंबर कधी सोडला नव्हता. इथे वर्गात सगळे इंग्रजीत. मागच्या बाकावर बसून मी फळ्यावरचे उतरून घेई; कळत काहीच नसे. सरांनी नाव पुकारले की घशाला कोरड पडे. बाहेर बाजारात कन्नड बोलू लागलो तर ‘मराठीवाला’ म्हणून लोक हसत. सुट्टीत पुण्याला मामांकडे गेलो तर ‘बसा की’, ‘आहे नव्हे?’ या माझ्या बोलण्यावर मामेभावंडे ‘आला आमचा रावसाहेब’ म्हणून हसत. इकडचाही नाही, तिकडचाही नाही, आणि हुशार तर मुळीच नाही, असा माझ्याविषयीचा निकाल मी स्वतःच लावून टाकला. ऑगस्टमध्ये दाखला काढण्याचा अर्ज लिहिला.

अर्जावर वर्गशिक्षकांची सही लागे. ते कन्नडभाषिक, भौतिकशास्त्र शिकवीत. ‘कशाला पाहिजे दाखला?’ त्यांनी इंग्रजीत विचारले. मी गप्प. मग ते मोडक्या मराठीत म्हणाले, ‘मराठीत सांग की. मला समजतंय.’ मी सांगितले, ‘सर, मला येत नाही.’ ‘काय येत नाही? फिजिक्स येत नाही, का इंग्लिश येत नाही? दोन्ही वेगळं. आधी ते बघ, मग सोमवारी ये.’ सही न करता त्यांनी अर्ज टेबलाच्या खणात टाकला.

त्या प्रश्नाचे मोल मला पुढे मानसशास्त्र शिकताना कळले. कुमारवयातला आत्मसंशय असाच असतो. एका विषयात, एका भाषेत, एका प्रसंगात आलेले अपयश आपण सगळ्या ‘मी’ला चिकटवतो. ‘मला हे येत नाही’ याचे पाहता पाहता ‘मी काहीच नाही’ होते.

या वयाचा अभ्यास ज्याने मूलभूत रीतीने केला, त्या एरिक एरिकसनची कहाणी आपल्या सीमाभागातल्या मुलांना परकी वाटणार नाही. १९०२ साली जर्मनीत त्याचा जन्म झाला. आई ज्यू, डेन्मार्कची. जन्मदात्या बापाचा पत्ता त्याला आयुष्यभर लागला नाही. सावत्र बाप ज्यू डॉक्टर. शाळेत मुले त्याला ज्यू म्हणून चिडवीत, तर प्रार्थनामंदिरात त्याचे निळे डोळे आणि सोनेरी केस पाहून ज्यू मुले त्याला परका ठरवीत. शाळा संपल्यावर विद्यापीठात न जाता तो चित्रकार म्हणून काही वर्षे युरोपभर भटकला. १९२७ मध्ये व्हिएन्नाला गेला, तेथे ॲना फ्रॉइडच्या हाताखाली मनोविश्लेषण शिकला. १९३३ मध्ये अमेरिकेला गेला आणि १९३९ मध्ये तेथील नागरिकत्व घेताना ‘एरिकसन’ हे आडनाव त्याने स्वतःच निवडले. ‘ओळखीचा पेच’ ही कल्पना त्याने मांडली ती अशा अनुभवातून. हा पेच म्हणजे रोग नव्हे, वाढीची एक पायरी आहे. आणि समाजाने तरुणाला काही काळ शोधण्याची, चुकण्याची सवड द्यावी, असे त्याचे म्हणणे. याच अभ्यासकाने पुढे अहमदाबादच्या १९१८ च्या गिरणी संपातल्या गांधीजींवर ग्रंथ लिहिला. त्याला १९७० मध्ये पुलित्झर पारितोषिक मिळाले.

जेम्स मार्सिया याने १९६६ साली या विचाराला रेखीव रूप दिले. दोन प्रश्न विचारा: या तरुणाने पर्याय पारखले का? आणि तो कशाशी बांधील झाला का? उत्तरांतून चार अवस्था दिसतात. ज्याने पारखलेही नाही आणि ठरवलेही नाही, त्याची ओळख विखुरलेली. वडिलांचे दुकान आहे म्हणून कॉमर्स, असे न पारखता ठरवले, तर ती उसनी ओळख. पारखणे चालू आहे, ठरलेले नाही, ही शोधाची अवस्था. पारखून ठरवले, ती कमावलेली ओळख. यांतली तिसरी अवस्था सर्वांत अस्वस्थ करणारी असते. पण अस्वस्थ मुलगा मागे पडला आहे असे समजू नये. न विचारता निश्चिंत असलेल्यापेक्षा तो पुढेही असू शकेल. शिवाय या अवस्था कायमच्या नसतात. अभ्यासक्रमाबाबत ठरलेला माणूस धर्माबाबत शोधात असू शकतो.

मग वर्गात तोंड का उघडत नाही? डेव्हिड एल्काइंडने १९६७ मध्ये याला ‘काल्पनिक प्रेक्षक’ असे नाव दिले. या वयात प्रत्येकाला वाटते की सगळे आपल्याकडेच पाहत आहेत. २००० साली प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकन प्रयोगात विद्यार्थ्यांना लाज वाटेल असे चित्र छापलेला शर्ट घालून इतरांच्या खोलीत पाठवले. निम्म्याच्या आसपास लोकांनी चित्र ओळखले असेल असा त्यांचा अंदाज. प्रत्यक्षात ओळखले होते सुमारे चौथा हिस्सा लोकांनी. बाकीचे बहुधा आपापल्या शर्टाच्या काळजीत असावेत! आज मोबाईलमुळे हा प्रेक्षक खिशातच येऊन बसला आहे, म्हणून हे ध्यानात ठेवणे अधिक गरजेचे.

आपल्या भागात ओळखीला ‘अस्मिता’ हा शब्द फार वापरतात. गंमत अशी की पतंजलींच्या योगसूत्रांत अस्मिता पाच क्लेशांपैकी एक आहे. पाहणारा आणि पाहण्याचे साधन एकच समजणे, ही ती चूक. भाषा, गुण, जात, गाव यांतून आपण जगाकडे पाहतो. पण त्यांतल्या एकालाच ‘मी’ समजलो की त्याला धक्का लागताच आपण कोसळतो. द. रा. बेंद्रे यांच्या घरची भाषा मराठी. ते कन्नडचे थोर कवी झाले, १९७३ चे ज्ञानपीठ त्यांना मिळाले, आणि मराठीतही ते लिहीत राहिले. जी. ए. कुलकर्णी धारवाडला कॉलेजात इंग्रजी शिकवीत आणि कथा मराठीत लिहीत. दोन भाषांच्या मध्ये उभे राहणे ही त्यांची अडचण झाली नाही. या अंकाचे दोन विभागही तेच सांगतात.

सोमवारी मी सरांकडे गेलो. आठवडाभर शब्दकोश घेऊन एक धडा वाचला होता. त्यांनी एक उदाहरण घातले, ते मी सोडवले. ‘म्हणजे फिजिक्स येतंय,’ ते म्हणाले, ‘इंग्लिश येईल.’ दोन वर्षांनी शास्त्र शाखा मी सोडली खरी, पण नापास होऊन किंवा भिऊन नव्हे. मानसशास्त्र हवे म्हणून.

आता मी शिकवतो. माझ्याकडेही दाखल्याचे अर्ज येतात. मी सही करतो, पण त्याआधी सरांचाच प्रश्न विचारतो. तुमच्यापैकी कोणी असा अर्ज मनात लिहून ठेवला असेल तर तो प्रश्न आधी स्वतःला विचारा: नेमके काय येत नाही? उत्तर एकट्याला सापडत नसेल तर कोणाजवळ तरी बोला. ज्या भाषेत बोलता येईल त्या भाषेत.