एका मुलीसाठी थांबणारी गाडी

जपानच्या उत्तरेला होक्काइडो नावाचे मोठे बेट आहे. तेथल्या एका खेड्यात रेल्वेने केवळ एका शाळकरी मुलीसाठी स्टेशन चालू ठेवले आणि तिचे शिक्षण संपताच ते बंद केले, ही गोष्ट आपल्यापैकी पुष्कळांनी ऐकली असेल. जानेवारी २०१६ मध्ये ती जगभर गाजली. मी पहाटेच्या पहिल्या एस.टी.ने कॉलेजात येणारा, आणि कॉलेजचे तोंड पाहणारा घरातला पहिलाच. त्यामुळे मला ती गोष्ट फार आवडली. इतकी आवडली की खरी आहे का, हे पाहावेसे वाटले.

स्टेशनचे नाव बहुतेक जण कामी-शिराताकी सांगतात. येथेच पहिली चूक आहे. सेकिहोकू लोहमार्गावर शिराताकी गावाच्या आगेमागे सारख्या नावांची तीन स्टेशने होती. कामी म्हणजे वरचे, शिमो म्हणजे खालचे आणि क्यू म्हणजे जुने. मुलगी गाडीत चढे ती क्यू-शिराताकीला. गोष्टीत सांगतात त्या सकाळच्या ७.०४ आणि संध्याकाळच्या ५.०८ या वेळा मात्र कामी-शिराताकीच्या. म्हणजे मुलगी एका स्टेशनची आणि वेळापत्रक दुसऱ्या स्टेशनचे!

क्यू-शिराताकी १९४७ साली सुरू झाले. एक छोटा फलाट आणि वाट पाहण्यापुरती लाकडी खोली, एवढाच त्याचा संसार. जपानमध्ये सक्तीचे शिक्षण नऊ वर्षांचे. पुढची तीन वर्षे शिकायची तर खेड्यातल्या मुलांना बहुधा मोठ्या गावी जावे लागते. म्हणून आडमार्गावरच्या गाड्यांचे मुख्य प्रवासी विद्यार्थीच असतात, आणि मुले कमी झाली की गाड्या रिकाम्या धावू लागतात.

ही तिन्ही स्टेशने २६ मार्च २०१६ रोजी एकदमच बंद झाली. मुलगी तर एकाच स्टेशनवर चढत होती. मग बाकीची दोन कोणासाठी थांबली होती? उत्तर साधे आहे. तेथे शाळेचे वर्ष मार्चमध्ये संपते आणि रेल्वेचे नवे वेळापत्रकही मार्चमध्येच लागते. दोन तारखा जवळ आल्या आणि लोकांनी त्यांतून दया निर्माण केली.

खरे कारण पैशाचे होते. १९८७ साली जपानची सरकारी रेल्वे मोडून निरनिराळ्या कंपन्या झाल्या. होक्काइडोच्या वाट्याला विरळ वस्ती आणि बर्फ आले. तोटा भरून काढण्यासाठी त्या कंपनीला सुमारे ६८ हजार कोटी येनचा निधी दिला होता. त्याच्या व्याजावर भागावे अशी कल्पना. पुढे व्याजाचे दरच कोसळले. त्यात माणसे खेडी सोडून चाललेली.

ही गोष्ट खोटी निघाल्याचे मला थोडे वाईट वाटले, हे कबूल करतो. पण विचार केल्यावर वाटले, गाडी त्या मुलीवर उपकार म्हणून थांबत नव्हती हेच बरे. ती प्रवासी होती आणि स्टेशन गावाचे होते. रेल्वेच्या दयाळूपणाचे कौतुक करता करता, त्या गावातून पुढे शाळेत कोण कसे जाणार, हा प्रश्न विचारायचे मात्र आपण सगळे विसरलो. मीसुद्धा.

त्याच २६ मार्चला होक्काइडोत पहिल्यांदा शिनकानसेन, म्हणजे जपानची अतिवेगवान गाडी, पोचली. सेकिहोकू मार्गावरचे रूळ आजही आहेत. कामीकावा सोडले की गाडीला पुढचे स्टेशन शिराताकी लागते, ३७.३ किलोमीटरवर. मध्ये कोठेही उतरता येत नाही.

— द्वितीय वर्ष, कला