पॅड बांधून बसलेला माणूस : अमोल मुझुमदार यांच्या कारकिर्दीचा एक अभ्यास

(द्वितीय वर्ष कला)

यंदाच्या अंकासाठी अभ्यासलेख लिहायचा, असे मराठीच्या सरांनी वर्गात सांगितले, तेव्हा बहुतेक जणींनी नेवासे आणि ज्ञानेश्वरी, चौंडी आणि अहिल्यादेवी असे आपल्या जिल्ह्याला शोभणारे विषय पटापट घेऊन टाकले. मी मात्र एका क्रिकेट प्रशिक्षकाचे नाव सांगितले. वर्ग हसला. सर हसले नाहीत. "का?" एवढेच त्यांनी विचारले. त्या 'का'चे उत्तर मला तेव्हा देता आले नाही, ते येथे देण्याचा प्रयत्न करते.

मी महाविद्यालयाच्या कबड्डी संघात आहे. 'आहे' हा शब्द जरा जपून वापरायला हवा. कबड्डीचा संघ बारा जणींचा असतो, त्यांतल्या सात जणी मैदानात उतरतात आणि पाच जणी बाहेर बसतात. गेली दोन वर्षे मी त्या पाचांत आहे. पाण्याच्या बाटल्या, सगळ्यांचे मोबाईल, कोणाच्या कानातले हे सांभाळणे हे माझे काम. एकदा शेवटची चार मिनिटे उतरले होते, तेही आपण वीस गुणांनी पुढे असताना. आमचे गाव पारनेर तालुक्यात. घरात कॉलेजला जाणारी मी पहिलीच. सामन्याहून रात्री उशिरा परतले, की दादा (वडिलांना आम्ही दादा म्हणतो) विचारतात, "आज उतरवलं का?" मी 'नाही' म्हणते. एकदा ते न रागावता म्हणाले, "आगं, नुसती बसूनच येती, तर मग जाती कशाला?"

या प्रश्नाने मला फार दिवस छळले. त्याच सुमारास मी अमोल मुझुमदार यांच्याविषयी वाचायला लागले.

युरोपात फुटबॉलच्या लीग एकाखाली एक अशा मजल्यांनी रचलेल्या असतात. वरच्या मजल्यावरचे खेळाडू जगाला ठाऊक असतात. खालच्या मजल्यांवर मात्र शेकडो जण आयुष्यभर खेळतात आणि त्यांचे नाव त्यांच्या शहराबाहेर जात नाही. स्पेनचा उनाई एमेरी हा त्यांतलाच. रिआल सोसिदादकडून पहिल्या श्रेणीत त्याच्या वाट्याला अवघे पाच सामने आले, बाकी सारी हयात दुसऱ्या-तिसऱ्या श्रेणीत गेली. गुडघा दुखावला तेव्हा तो तेहतीस वर्षांचा होता आणि लोर्का नावाच्या लहानशा क्लबात होता. त्याच क्लबाने त्याला प्रशिक्षक केले आणि २००५ साली तो क्लब वरच्या श्रेणीत गेला. पुढे २०१४, २०१५ आणि २०१६ अशी लागोपाठ तीन वर्षे त्याने सेव्हियाला युरोपा लीग जिंकून दिली. आपल्याकडे क्रिकेटला मजले दोनच, रणजी आणि भारत. रणजीच्या मजल्यावर वीस वर्षे राहिलेला आणि जिना कधीच न चढलेला माणूस म्हणजे मुझुमदार.

त्यांचा जन्म ११ नोव्हेंबर १९७४ चा, मुंबईचा. शिवाजी पार्कवर रमाकांत आचरेकर सरांच्या हाताखाली ते शिकले. येथे आचरेकर सरांविषयी दोन शब्द लिहिल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही. मालवणकडच्या या माणसाच्या नावावर प्रथम श्रेणीचा सामना किती? एक! स्टेट बँकेच्या संघाकडून, १९६३ साली. त्या एका सामन्याच्या शिदोरीवर त्यांनी सचिन तेंडुलकर, विनोद कांबळी, प्रवीण अमरे, चंद्रकांत पंडित, अजित आगरकर असे खेळाडू घडवले आणि १९९० मध्ये त्यांना द्रोणाचार्य पुरस्कार मिळाला. तेव्हा स्वतः मोठा खेळाडू असल्याशिवाय शिकवता येत नाही, हे म्हणणे शिवाजी पार्कवर तरी कधीच खरे नव्हते.

आता ती प्रसिद्ध गोष्ट. फेब्रुवारी १९८८, आझाद मैदान, हॅरिस शील्डचा उपांत्य सामना. शारदाश्रमाचे दोन गडी बाद झाले आणि सचिन व विनोद यांची जोडी जमली. त्यांनी ६६४ धावांची अभेद्य भागी केली. विनोद नाबाद ३४९, सचिन नाबाद ३२६. ही गोष्ट महाराष्ट्रातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे. परंतु त्या धावफलकावर ज्याचे नाव नाही असा तेरा वर्षांचा एक मुलगा पुढचा फलंदाज म्हणून पॅड बांधून सीमारेषेबाहेर बसला होता. गडी काही पडलाच नाही. डाव ७४८ वर घोषित झाला आणि अमोलने पॅड सोडले.

वाचकहो, ज्याने कधी राखीव म्हणून बाक गरम केला आहे, त्यालाच या बसण्याचा अर्थ कळेल. आपल्या संघाचा गडी पडावा असे मनातून वाटते आणि असे वाटल्याची लाजही वाटते. मला वाटते, हे मी पहिल्यांदाच कोणाला सांगते आहे.

सहा वर्षांनी त्यांची पाळी आली. १९९३-९४ च्या मोसमात फरिदाबादला हरियाणाविरुद्ध मुंबईकडून त्यांनी रणजी पदार्पण केले आणि पहिल्याच डावात २६० धावा केल्या. प्रथम श्रेणी पदार्पणात एवढ्या धावा तोवर जगात कोणी केल्या नव्हत्या. हा विक्रम २०१८ च्या डिसेंबरात मध्य प्रदेशच्या अजय रोहेराने नाबाद २६७ करून मोडला आणि २०२२ मध्ये बिहारच्या साकिबुल गनीने ३४१ करून तो आणखी पुढे नेला. म्हणजे जवळजवळ पंचवीस वर्षे टिकला. त्या वेळी मुझुमदारांचे वय किती होते? एकोणीस. आज माझे आहे तेवढेच. हा आकडा वाचला तेव्हा मी वही मिटून थोडा वेळ नुसतीच बसले.

त्या मोसमात मुंबईने रणजी करंडक जिंकला. हा मुलगा आता भारताकडून खेळणार, याविषयी कोणालाच शंका नव्हती. मग काय झाले? २० जून १९९६ रोजी लॉर्ड्सवर सौरव गांगुली आणि राहुल द्रविड यांनी एकाच कसोटीत पदार्पण केले. गांगुलीने शतक केले, द्रविडने ९५. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात लक्ष्मण आला. सचिन तर होताच. मधल्या फळीतल्या जागा चारपाच, आणि त्यांवर ही माणसे पंधरा वर्षे ठाण मांडून बसली. काही लेखक येथे निवड समितीच्या अन्यायाचा सूर लावतात. मला तो पटत नाही. द्रविडला किंवा लक्ष्मणला बाहेर बसवून दुसऱ्या कोणाला घ्या, असे कोणता शहाणा म्हणेल? कोणाचाच दोष नाही आणि तरी एका माणसाचे दार बंद आहे, अशी ही परिस्थिती होती. दोष देता आला असता तर दुःख पचवणे सोपे गेले असते. सचिन आणि विनोद यांच्या जोडीमागे ते बसले होते, तसेच ते पुन्हा बसले. फरक एवढाच, की या वेळी दोन दिवस नव्हे, तर वीस वर्षे.

पण त्या वीस वर्षांत ते नुसते बसले नाहीत, हे माझ्या अभ्यासाचे मुख्य म्हणणे आहे. १७१ प्रथम श्रेणी सामने, ११,१६७ धावा, ३० शतके, सरासरी ४८ च्या वर. रणजीतल्या सर्वाधिक धावांचा विक्रम एके काळी त्यांच्या नावावर होता. तो पुढे वसीम जाफरने मागे टाकला. २००९ मध्ये त्यांनी मुंबई सोडली, आसामकडून खेळले, नंतर आंध्रकडून, आणि २०१४ मध्ये निवृत्त झाले. मुंबईचा माणूस पस्तिशीत गुवाहाटीला जाऊन नवख्या पोरांबरोबर खेळतो, यात मला त्यांच्या पुढच्या कामाची सुरुवात दिसते. प्रशिक्षक होण्याचा शिक्का पुढे बसला असेल, पण दुर्बळ संघात उभे राहून धीर देणे त्यांनी खेळाडू असतानाच शिकून घेतले असावे.

त्यांच्या कर्णधारपदाचा एक मोसम मात्र सविस्तर पाहण्यासारखा आहे. २००६-०७. पहिल्या तीन सामन्यांनंतर मुंबईच्या पदरात एकही गुण नव्हता. मुंबई रणजीतून अशी लाजिरवाणी बाहेर पडणार, असेच सगळे धरून चालले होते. तेथून संघ उपांत्य फेरीपर्यंत आला. बडोद्याविरुद्धच्या त्या सामन्यात दुसऱ्या डावात फलकावर एकही धाव लागण्यापूर्वी मुंबईचे पाच गडी तंबूत परतले होते. शून्यावर पाच! गल्लीतल्या सामन्यातही असे होत नाही. तरीही मुंबईने तो सामना जिंकला, नंतर वानखेडेवर बंगालला हरवले आणि सदतिसाव्यांदा करंडक घेतला. वाचकांनी हे तीन सामने लक्षात ठेवावेत. पुढे त्यांचे काम पडणार आहे.

निवृत्तीनंतरचा प्रवास थोडक्यात सांगते. राजस्थान रॉयल्सचे फलंदाजी प्रशिक्षक, २०१९ मध्ये भारतात आलेल्या दक्षिण आफ्रिकेच्या कसोटी संघाचे तात्पुरते फलंदाजी प्रशिक्षक, मग २०२१ पासून मुंबईचे प्रशिक्षक. २०२२ च्या रणजी अंतिम सामन्यात त्यांची मुंबई हरली ती मध्य प्रदेशकडून, आणि मध्य प्रदेशचे प्रशिक्षक होते चंद्रकांत पंडित. दोघेही आचरेकर सरांचेच शिष्य. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात मुंबईने सय्यद मुश्ताक अली करंडक पहिल्यांदा जिंकला. कर्णधार होता अजिंक्य रहाणे, आपल्या संगमनेर तालुक्यातल्या आश्वी खुर्दला जन्मलेला. जिल्ह्याचे नाव लेखात यावे अशी सरांची इच्छा होती, ती अशी पुरी झाली.

ऑक्टोबर २०२३ मध्ये ते भारतीय महिला संघाचे मुख्य प्रशिक्षक झाले. भारताकडून एकही सामना न खेळलेला माणूस भारताच्या संघाला काय शिकवणार, ही कुजबुज झालीच. पहिल्याच डिसेंबरात संघाने इंग्लंडला कसोटीत ३४७ धावांनी आणि पाठोपाठ ऑस्ट्रेलियाला आठ गडी राखून हरवले. पण २०२४ च्या टी-ट्वेंटी विश्वचषकात संघ गटातूनच बाहेर पडला, तेव्हा कुजबुजीचा आवाज वाढला.

मग २०२५ चा एकदिवसीय विश्वचषक, आपल्याच देशात. दक्षिण आफ्रिकेकडून हार, ऑस्ट्रेलियाकडून हार, इंदूरला इंग्लंडकडून अवघ्या चार धावांनी हार. लागोपाठ तीन. ज्या माणसाने २००६ साली तीन सामन्यांनंतरचे शून्य पाहिले होते, त्याच्याइतके या खोलीत शांत बसणे दुसऱ्या कोणाला जमले असते? हा माझा तर्क आहे, पण तो मला सोडवत नाही.

येथे राखीव बाकाची गोष्ट पुन्हा येते. इंग्लंडविरुद्ध जेमिमा रॉड्रिग्जला वगळले होते. पुढच्या, न्यूझीलंडविरुद्धच्या सामन्यात तिला परत घेतले आणि तिने नाबाद ७६ केल्या. ३० ऑक्टोबरला नवी मुंबईत ऑस्ट्रेलियाने ३३८ धावा केल्या. महिलांच्या एकदिवसीय सामन्यांत एवढ्या धावांचा पाठलाग तोवर कोणी यशस्वी केला नव्हता. मुझुमदारांनी ड्रेसिंग रूममधल्या फळ्यावर काय लिहिले? त्यांच्यापेक्षा फक्त एक धाव जास्त हवी, एवढ्याच अर्थाचे वाक्य. तिसऱ्या क्रमांकावर पाठवलेली जेमिमा नाबाद १२७ राहिली आणि आपण पाच गडी राखून जिंकलो. दुसरी शफाली वर्मा. ती पंधरांत नव्हती, राखिवांतही नव्हती. प्रतिका रावलला दुखापत झाली म्हणून तिला बोलावले. २ नोव्हेंबरच्या अंतिम सामन्यात तिने ८७ धावा केल्या, दोन गडी घेतले आणि सामन्याची मानकरी ठरली. दीप्ती शर्माने ५८ धावा आणि पाच बळी. आपल्या २९८ ला उत्तर देताना दक्षिण आफ्रिका २४६ वर बाद झाली. २००५ आणि २०१७ मध्ये अंतिम सामन्यात हुकलेला विश्वचषक पहिल्यांदा मिळाला. हरमनप्रीतने मैदानातच मुझुमदारांच्या पायांना हात लावला, ते छायाचित्र सर्वांनी पाहिले असेल.

वर्तमानपत्रांनी त्यांना 'चक दे इंडिया'तल्या कबीर खानची उपमा दिली. मला ती बरोबर वाटत नाही. कबीर खानला कलंक धुवायचा होता. मुझुमदारांवर कलंक कसला? त्यांना कोणी काही म्हणालेच नव्हते. म्हणूनच त्यांची गोष्ट चित्रपटात घालायला अवघड आहे.

तो अंतिम सामना आम्ही शेजाऱ्यांच्या घरी पाहिला. पावसामुळे सामना उशिरा सुरू झाला होता, संपायला मध्यरात्र झाली. दुसऱ्या दिवशी कांद्याची लागण होती, तरी दादा शेवटपर्यंत बसले होते. घरी येताना मी त्यांना पॅड बांधून बसलेल्या मुलाची गोष्ट सांगितली. त्यांनी ऐकून घेतली आणि म्हणाले, "त्याच्या बापाची नोकरी आसंल. आपलं तसं नाही." हे त्यांचे म्हणणे खोटे नाही. मुंबईत शिवाजी पार्क होते, आचरेकर सर होते. आमच्या गावात शाळेमागची मुरमाड जागा आहे. पदवीनंतर बी.पी.एड. म्हणजे आणखी दोन वर्षे, आणि माझ्यामागे दोन भावंडे शिकायची आहेत. तिसऱ्या वर्षाअखेर अर्ज भरायचा की नाही, हे अजून घरात ठरलेले नाही.

सध्या रविवारी सकाळी त्या मुरमाड जागेत पाचवी ते आठवीच्या अकरा मुली माझ्याकडे कबड्डी शिकायला येतात. चुन्याच्या रेषा आम्हीच आखतो. त्यांतली सहावीतली एक कायम कडेला बसून इतरांच्या चपला राखायची. मागच्या रविवारी मी तिला चढाईला पाठवले. पहिल्याच चढाईत तिला पकडले. उठून, गुडघा झाडत ती माझ्याकडे आली आणि म्हणाली, "ताई, परत जाऊ?"

दादा बांधावर उभे राहून बघत होते.