कॅमेरा नंतर घ्या, आधी सुगरण बघा

'मला वाइल्डलाइफ फिल्म करायच्यात,' असं मुलगी म्हणाली की घरातून प्रश्न येतो, 'पण पोट कशावर भरणार?' प्रश्न रास्त आहे. या क्षेत्रात पगाराच्या नोकऱ्या थोड्या. बहुतेक जण ठरलेल्या कामापुरतं मानधन घेतात आणि मधल्या महिन्यांत जाहिराती, संस्थांचे माहितीपट किंवा एडिटिंग करून घर चालवतात. म्हणून एडिटिंग आलंच पाहिजे.

काही पालक आवड दिसताच कर्ज काढून लाखोंचा कॅमेरा घेऊन देतात. कृपा करून असं करू नका. कॅमेरा, लेन्स भाड्याने मिळतात. प्राणी आता काय करणार, हे ओळखायला मात्र स्वतःच शिकावं लागतं आणि ते गावातल्या विहिरीपाशीही शिकता येतं.

पावसाळ्यात विहिरीवरच्या बाभळीला सुगरणीची घरटी लोंबू लागतात. नर गवताच्या पात्याला चोचीने खाच पाडून लांब पट्टी ओढून काढतो आणि फांदीला गाठ मारतो. घरटं अर्धं विणून झालं की पंख फडफडवत मादीला बोलावतो. ती आत शिरून पारखते. तिला पसंत पडलं की तो खालची नळी विणून काम पुरं करतो, नाहीतर पुष्कळदा ते तसंच सोडून देतो. आता झूम असलेला साधा कॅमेरा उसना घ्या आणि लांबूनच ही गोष्ट आठ-दहा शॉटमध्ये सांगा: विहीर आणि झाड, चोचीतली पट्टी, गाठ, मादीचं येणं. ती कोणत्या वेळी येते हे कळण्यासाठी आधी कित्येक सकाळी नुसती वही घेऊन बसावं लागेल. इथे कंटाळा आला, तर हे काम आपलं नाही हे कमी खर्चात कळेल.

शिक्षणाचं म्हणाल तर प्राणिशास्त्रात बीएस्सी हा चांगला पाया. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये सिनेमॅटोग्राफीचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे. त्याला कोणत्याही शाखेची पदवी चालते, पण प्रवेश परीक्षा द्यावी लागते. 2015 साली पद्मश्री मिळालेले नरेश बेदी तिथेच शिकले. इंग्लंडमधल्या ब्रिस्टलला बीबीसीचा निसर्गविभाग आहे आणि तिथल्या विद्यापीठात वन्यजीव चित्रपटांचं पदव्युत्तर शिक्षणही मिळतं. मात्र हाताशी काही काम नसताना त्यासाठी कर्ज काढू नये, असं माझं स्पष्ट मत आहे.

वेळेचा हिशेबही घरात सगळ्यांना माहीत हवा. 2023 मध्ये ऑस्कर मिळालेला कार्तिकी गोन्साल्विस यांचा 'द एलिफंट व्हिस्परर्स' जेमतेम चाळीस मिनिटांचा, पण त्यामागे पाच वर्षं आहेत. अभयारण्यात फिल्म करायची तर 1972 च्या वन्यजीव कायद्यानुसार मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते, तेव्हा अर्ज आणि पाठपुरावा हाही कामाचाच भाग.

पदवी हाती येईपर्यंत तीन मिनिटांची एक फिल्म तयार ठेवा, आवाजासकट. ती दाखवून सहायकाचं काम मागता येतं. सुरुवातीला बॅटऱ्या चार्ज करणं, कॅमेरा ट्रॅप लावणं आणि रात्री दिवसभराचं फुटेज दोन वेगवेगळ्या हार्ड डिस्कवर उतरवून तपासणं, एवढंच वाट्याला येईल.