कार्डाच्या हिशेबातील अनोळखी दुकान

वाण्याच्या उधारीच्या वहीत आपल्या नावे न नेलेला दोन किलो गूळ मांडलेला दिसला, तर आपण काय करतो? वही घेऊन सरळ दुकानावर जातो आणि विचारतो, "शेटजी, हा गूळ कोणी नेला?" शेटजी जरा आठवतात, पोराला हाक मारतात, आणि पाच मिनिटांत उलगडा होतो. एक तर आपल्याच घरातील कोणी तरी तो नेलेला असतो, नाही तर शेजारच्यांचा आकडा चुकून आपल्या पानावर पडलेला असतो. बँकेच्या कार्डाच्या मासिक हिशेबात अशीच एखादी अनोळखी ओळ निघाली, की मात्र भलेभले शहाणे गृहस्थ गडबडतात. कोणी घरच्यांवर संशय घेतो, कोणी रक्कम मुकाट्याने भरून टाकतो, कोणी कागद घडी घालून देव्हाऱ्यामागे ठेवून देतो. येथे शेटजी समोर नसतात, हे त्याचे कारण. ते नेमके कोठे बसलेले असतात आणि त्यांना कसे गाठावे, एवढाच ह्या लेखाचा विषय आहे.

आमच्या बुऱ्हाणपुरात कापसाच्या व कापडाच्या पेढ्यांवर ज्यांचे आयुष्य गेले, त्या वडीलधाऱ्यांना हुंडी समजावून सांगावी लागत नाही. एकाने लिहायची, दुसऱ्याने घेऊन जायची, तिसऱ्याने तिसऱ्याच गावी पटवायची. कार्डाचा व्यवहार त्याच जातीचा आहे. फक्त त्यात माणसे अधिक आणि वेग फार. आपण दुकानात कार्ड लावले, की दुकानाच्या यंत्रातून निरोप दुकानदाराच्या बँकेकडे जातो. तेथून तो रुपे, व्हिसा किंवा मास्टरकार्ड ह्यांपैकी ज्या जाळ्याचे कार्ड असेल त्या जाळ्यातून आपल्या बँकेकडे येतो. आपली बँक "ठीक आहे" म्हणते, आणि दुकानातील यंत्र पावती काढते. हे सारे काही क्षणांत होते. प्रत्यक्ष पैशाची देवघेव मात्र मागाहून, एक-दोन दिवसांनी होते. म्हणूनच हिशेबात पुष्कळदा दोन तारखा असतात, एक खरेदीची आणि एक नोंदीची. रविवारची खरेदी मंगळवारी नोंदली गेली, तर "मंगळवारी मी घराबाहेरच पडलो नव्हतो" असे शपथेवर सांगणारा माणूस खोटा नसतो, आणि बँकही खोटी नसते.

आता नावाची गोष्ट. खरा घोळ येथेच आहे. हिशेबाच्या ओळीत दुकानाच्या नावाला वीस-पंचवीस अक्षरांचीच जागा असते, आणि तेथे दुकानाच्या पाटीवरचे नाव येईलच असे नाही. पुष्कळदा येते ते मालक कंपनीचे नाव. डी-मार्टची कंपनी एव्हेन्यू सुपरमार्ट्स. वेस्टसाइड आणि झुडिओ ही दुकाने ट्रेंट लिमिटेडची. क्रोमा हे इन्फिनिटी रिटेलचे. डॉमिनोजचा पिझ्झा भारतात विकणारी कंपनी ज्युबिलंट फूडवर्क्स. नायका म्हणजे एफ. एस. एन. ई-कॉमर्स. पाटी सर्वांना पाठ असते, कंपनी क्वचितच कोणाला ठाऊक असते. कधी दुकानाऐवजी मधल्या वसुली करणाऱ्या कंपनीचे नाव छापले जाते. गावही कधी दुकानाचे असते, कधी कंपनीच्या मुख्य कचेरीचे. लहान दुकानदाराने यंत्र घेताना स्वतःच्या किंवा पत्नीच्या नावे परवाना काढलेला असेल, तर "श्रीकृष्ण साडी सेंटर" मध्ये घेतलेले लुगडे हिशेबात एखाद्या अनोळखी बाईंच्या नावावर निघते.

आमच्या परिचयातील एका घरात ह्याच गोष्टीवरून चार दिवस चूल धड पेटली नाही. घरच्या बाई वयस्क. त्यांचा भाचा शिक्षणासाठी त्यांच्याकडे राहतो आणि बाजारहाट तोच करतो, त्यामुळे कार्ड त्याच्या हाती असते. (आपले कार्ड व त्याचा गुप्तांक दुसऱ्याच्या हाती देणे हीच मुळात चूक, पण घरोघरी ती होते.) हिशेबात मुंबईच्या कुठल्याशा कंपनीच्या नावे तीन हजारांवर रक्कम आली. मुंबईला कोणीच गेले नव्हते. बाई तोंडाने काही बोलल्या नाहीत, पण कार्ड त्यांनी कपाटात ठेवले आणि किल्ली कमरेला खोचली. मुलाला जे समजायचे ते समजले. तो जेवायला बसेना. अखेर चौथ्या दिवशी त्यानेच जुन्या पिशव्या उपसल्या आणि एक चुरगळलेली पावती आणून पुढे ठेवली. "मावशी, तू स्वतःच घेतलंस हे. नाशिकच्या लग्नाला गेलो होतो ना, तिथं आहेराची भांडी आणि चादरी. वर दुकानाचं नाव आहे, खाली बारीक अक्षरात कंपनीचं बघ." रक्कम पैशापर्यंत जुळली. मावशींनी किल्ली परत दिली. पण मुलगा त्यानंतर बरेच दिवस प्रत्येक पावती न मागता पुढे करीत असे, आणि त्याचेच त्यांना अधिक वाईट वाटे. तेव्हा कोणावर नजर रोखण्यापूर्वी कागदावर नजर रोखावी, अशी आमची विनंती आहे.

कागद पाहण्याची रीत अशी. प्रथम नाव बाजूला ठेवावे आणि रक्कम व तारीख धरावी. नाव फसवते, रक्कम सहसा फसवत नाही. त्या तारखेच्या मागचे चार-पाच दिवस आठवावेत. मोबाइलवर आलेले बँकेचे संदेश, पावत्या, घरपोच आलेल्या मालाचे कागद पाहावेत. घरातील सर्वांना एकत्र बसवून साध्या सुरात विचारावे, "हे कोणाच्या लक्षात येतंय का?" दर महिन्याला किंवा वर्षाला आपोआप कापली जाणारी वर्गणी (गाणी, चित्रपट, मोबाइलमधील साठवण) पुष्कळदा अशा ओळीमागे असते. वर्षापूर्वी "एक महिना मोफत" म्हणून लेकराने होकार दिलेला असतो आणि घर ते विसरून गेलेले असते. १ ऑक्टोबर २०२१ पासून रिझर्व बँकेच्या नियमाने अशा आपोआप वसुलीच्या किमान चोवीस तास आधी ग्राहकाला सूचना जावी लागते. ती सूचना जाहिरातींच्या ढिगात बुडालेली असते एवढेच.

रक्कम परदेशी चलनातील असेल, तर ती पैशापर्यंत जुळणार नाही हेही ध्यानात असावे. रूपांतराचा दर, बँकेचे अधिभार आणि त्यावरील कर मिळून आकडा फुगतो. पेट्रोल पंपावरही अधिभाराची वेगळी ओळ दिसते. एक-दोन रुपयांची ओळ पुष्कळदा कार्ड चालते की नाही हे तपासण्यासाठी असते आणि ती आपोआप परत येते. मात्र तुम्ही कोठेही कार्ड नोंदवलेले नसताना अशी बारीक ओळ आली, तर ती क्षुल्लक मानू नये. चोरही मोठा हात मारण्यापूर्वी तसेच तपासून पाहतो.

ह्याचा अनुभव आमच्याच एका निवृत्त शिक्षक स्नेह्यांना आला. ते मुलीकडे परदेशी गेले होते. निघताना कार्डावर परदेशी व्यवहार सुरू करून घेतला आणि परतल्यावर बंद करणे राहून गेले. एका महिन्यात ४९ रुपयांची ओळ आली. त्यांनी सोडून दिली. पुढे एके रात्री अठरा हजारांची खरेदी, दुकान समुद्रापार. परदेशी दुकानात पुष्कळदा आपल्याकडच्यासारखा ओ. टी. पी. मागितला जात नाही. कार्डाचे आकडे पुरतात. गुरुजींनी सकाळी संदेश पाहिला आणि कोणालाच सांगितले नाही. चाळीस वर्षे मुलांना हिशेब शिकवला, आता लोक काय म्हणतील, मुले म्हणतील बाबांना कार्ड झेपत नाही, ह्या विचारात त्यांचे अकरा दिवस गेले. बँकेत गेले तेव्हा तेथील अधिकाऱ्याने पहिलाच प्रश्न विचारला, "गुरुजी, तुम्हाला कळलं कधी?"

त्या प्रश्नाचे महत्त्व असे. ६ जुलै २०१७ रोजी रिझर्व बँकेने ग्राहकाची जबाबदारी ठरवणारे परिपत्रक काढले. चूक बँकेची नाही आणि ग्राहकाचीही नाही, मध्येच कोठे तरी गळती झाली, अशा प्रकरणात ग्राहकाने बँकेचा संदेश मिळाल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत कळवले, तर त्याचे नुकसान शून्य. चार ते सात दिवसांत कळवले, तर त्याच्यावर पडणाऱ्या रकमेला मर्यादा घातली. साध्या बचत खात्याला ती दहा हजार रुपये होती. सात दिवसांनंतर बँकेच्या संचालक मंडळाचे धोरण असेल ते खरे. कळवल्यापासून दहा कामकाजाच्या दिवसांत वादाची रक्कम खात्यावर तात्पुरती जमा करावी, नव्वद दिवसांत निकाल लावावा, आणि दोष ग्राहकाचा आहे हे सिद्ध करण्याचा भार बँकेवर राहील, असेही त्यात सांगितले. आकडे वेळोवेळी पालटतात; ते आपल्या शाखेत विचारून घ्यावेत. तत्त्व मात्र हेच की घड्याळ आपल्या गप्प बसण्याबरोबर चालत असते. गुरुजींना रकमेचा काही भागच परत मिळाला. ते तीन दिवसांत गेले असते तर प्रकरण निराळे झाले असते, हे त्यांना आम्हीच सांगितले आणि सांगताना जीभ जड झाली.

स्वतःच ओ. टी. पी. किंवा गुप्तांक कोणाला सांगितला असेल, तर कळवेपर्यंतचे नुकसान आपले; पण कळवल्यानंतर जे होईल ते बँकेचे. म्हणून तेव्हा तर अधिकच घाई करावी. लाज धरण्याचे काहीच कारण नाही. २०१८ च्या ऑगस्टमध्ये पुण्याच्या कॉसमॉस सहकारी बँकेवर चोरांनी संगणकाच्या वाटेने हल्ला केला. बनावट कार्डांनी अनेक देशांतील यंत्रांतून पैसे काढले गेले; एकूण रक्कम चौऱ्याण्णव कोटींच्या वर होती. १९०६ साली स्थापन झालेल्या बँकेची तऱ्हा ही, तर आपण एका कार्डासाठी तोंड लपवून का बसावे?

ओळ आपली नाही अशी खात्री झाली, की पहिले काम कार्ड बंद करणे. त्यासाठी कार्डाच्या पाठीवरचा क्रमांकच फिरवावा, आणि तो आजच एका वहीत उतरवून ठेवावा, कारण कार्ड हरवले तर पाठही हरवते. इंटरनेटवर शोधून मिळालेल्या क्रमांकावर विश्वासू नये. तेथे बँकेच्या नावाने ठग बसलेले असतात. फोनवर तक्रारीचा क्रमांक मागून घ्यावा. फसवणूक असेल तर १९३० ह्या राष्ट्रीय क्रमांकावरही लगेच कळवावे. पैसा पुढे सरकण्यापूर्वी तो अडवण्याचा यत्न तेथून होतो. मग शाखेत लेखी अर्ज देऊन प्रतीवर शिक्का घ्यावा. शिक्क्यावाचून परत फिरू नये.

दुकान ओळखीचे आहे, पण रक्कम दोनदा कापली गेली किंवा माल आलाच नाही, हा प्रकार निराळा. तो चोरीचा नसून तंट्याचा आहे. तेथे आधी दुकानदारास लेखी कळवावे. त्याने दाद दिली नाही तर आपल्या बँकेमार्फत रक्कम परत मागता येते. बँक मग दुकानदाराच्या बँकेकडे पुरावा मागते. क्रेडिट कार्डाच्या हिशेबाबद्दल हरकत घेतल्यास तीस दिवसांच्या आत खुलासा द्यावा, आणि फसवणूक म्हणून हरकत घेतलेल्या रकमेवर निकाल लागेपर्यंत आकार लावू नये, असे रिझर्व बँकेच्या २०२२ च्या निर्देशांत आहे. बाकीची, वाद नसलेली रक्कम मात्र मुदतीत भरावी. एका ओळीच्या रागापायी सारा हिशेब थकवला तर व्याज आपल्याच माथी बसते.

बँकेने तीस दिवसांत उत्तर दिले नाही, किंवा दिलेले पटले नाही, तर रिझर्व बँकेच्या लोकपालाकडे जाता येते. १२ नोव्हेंबर २०२१ पासून सर्व देशाच्या तक्रारी एके ठिकाणी घेण्याची सोय झाली. कागदावर लिहून पाठवायची असेल तर ती चंडीगढला जाते. त्यासाठी भोपाळची खेप घालावी लागत नाही. फी काही नाही, वकील लागत नाही.

गुरुजींनी स्वतःच्या हाताने अर्जाचा एक मसुदा तयार केला आहे. तो त्यांच्या परवानगीने देत आहो. ज्यांना हवा त्यांनी उतरवून घ्यावा.

"मा. शाखा व्यवस्थापक यांस, माझ्या कार्डावर (केवळ शेवटचे चार अंक लिहावेत) दिनांक अमुक रोजी अमुक नावाने अमुक रुपये खर्ची पडल्याचा संदेश मला अमुक दिवशी अमुक वाजता मिळाला. हा व्यवहार मी किंवा माझ्या घरातील कोणीही केलेला नाही. कार्ड माझ्याजवळच आहे व गुप्तांक कोणासही सांगितलेला नाही. फोनवर अमुक वेळी कळवून कार्ड बंद केले. तक्रार क्रमांक अमुक. सदर रक्कम खात्यावर परत जमा करावी व दुकानदाराच्या बँकेकडून व्यवहाराचा पुरावा मागवून त्याची नक्कल मला द्यावी. सोबत हिशेबाची व संदेशाची नक्कल जोडली आहे. ह्या अर्जाची पोच मिळावी."