मगनचे तांबे आणि आपला उत्तरपक्ष



मोठ्या वर्गातली मुले आता शाळेच्या प्रकल्पासाठी अभ्यासकांचे लेख वाचू लागली आहेत. शेवटी 'तुमचे मत लिहा' असा प्रश्न असतो आणि उत्तर बहुधा एका ओळीत येते: 'लेखकाचे म्हणणे मला पटते' किंवा 'पटत नाही'. पण त्याआधी एक पायरी आहे. आपल्याकडचे जुने शास्त्री तिला 'पूर्वपक्ष' म्हणत. समोरच्याचे म्हणणे आधी अशा शब्दांत मांडायचे की त्याने स्वतः मान डोलवावी. त्यानंतर आपला 'उत्तरपक्ष'. ज्यांच्या घरी लोकमान्य टिळकांचे 'गीतारहस्य' (१९१५) आहे, त्यांनी ते चाळून पाहावे. टिळक आधी इतरांचा अर्थ सांगतात आणि मग आपला.

हे आपण राहतो त्या ओमानच्याच एका वादावरून पाहू.

इराकमधल्या प्राचीन मातीच्या विटांवर 'मगन' नावाच्या देशाचा उल्लेख येतो. (आपले 'मगन होणे' वेगळे!) सुमारे ४३०० वर्षांपूर्वीचा अक्कडचा राजा सार्गोन अभिमानाने सांगतो की मेलुह्हा, मगन आणि दिलमुन येथली जहाजे माझ्या धक्क्याला लागतात. पुढे उर शहरातले व्यापारी कापड आणि लोकर देऊन मगनचे तांबे आणत. मेलुह्हा म्हणजे सिंधू संस्कृतीचा प्रदेश, असे आज बहुतेक अभ्यासक मानतात. मग मगन कुठे?

१९२८ साली हॅरॉल्ड पीक या इंग्रज अभ्यासकाने 'मगन म्हणजे ओमान' अशी मांडणी केली. तिचा पूर्वपक्ष असा लिहिता येईल: सुमेरच्या जुन्या तांब्याच्या वस्तूंत थोडे निकेल सापडते. ओमानच्या डोंगरातल्या तांब्याच्या खनिजातही निकेल सापडते. म्हणून सुमेरचे तांबे ओमानचे असावे, आणि तांब्याचा देश मगन तो हाच असावा.

यातले 'असावे' गाळू नका. विद्यार्थी सर्वांत जास्त गडबड इथेच करतात. लेखक 'असावे', 'संभवते' लिहितो, मुले वहीत 'आहे' असे उतरवून घेतात आणि मग जे लेखकाने म्हटलेच नाही ते हिरिरीने खोडतात.

आता उत्तरपक्ष. न्यायशास्त्रातले डोंगरावरच्या धुराचे उदाहरण आजीआजोबांना माहीत असेल. डोंगरावर धूर दिसतो, म्हणून तिथे अग्नी आहे. हे अनुमान टिकते, कारण अग्नीशिवाय धूर आढळत नाही. पण हेतू, म्हणजे दिलेले कारण, दुसरीकडेही आढळत असेल तर त्याला 'अनैकांतिक' म्हणतात. पीक यांच्या निकेलचे तसेच झाले. निकेल असलेले तांब्याचे खनिज इराण, तुर्कस्तान आणि भारतातही मिळते. शिवाय जुनी भांडी वितळवून नवी केली की निरनिराळ्या ठिकाणचे तांबे एकात मिसळते. म्हणजे निकेल हा धूर खरा, पण तो एकाच अग्नीचा नाही.

मग मगन म्हणजे ओमान नव्हेच का? इथे घाई नको. आपण पाडला तो एक पुरावा, निष्कर्ष नव्हे. १९७७ पासून जर्मनीतल्या बोखुम येथील खाण-संग्रहालयाच्या गेर्ड वाइसगर्बर यांच्या पथकाने ओमानमध्ये शोध घेतला. मैसर येथे त्यांना सार्गोनच्याच सहस्रकातल्या तांबे गाळण्याच्या खुणा, मळी आणि तांब्याचे गोळे सापडले. म्हणजे त्या काळात इथे तांबे निघत होते, हे आता दुसऱ्या आणि जास्त भक्कम पायावर उभे राहिले. कारण लंगडे आणि निष्कर्ष बरोबर, असे विद्वानांच्या लेखनात पुष्कळदा घडते. म्हणून 'पटत नाही' लिहिताना नेमके काय पटत नाही ते लिहावे.

उलट बाजूही होती. सॅम्युअल क्रेमर हे सुमेरचे मोठे अभ्यासक मगन म्हणजे इजिप्त आणि मेलुह्हा म्हणजे इथिओपिया या मताकडे झुकलेले होते. आधार काय, तर असिरियाचा राजा अशुरबनिपाल याच्या लेखांत ही नावे त्या देशांना उद्देशून येतात. आधार खोटा नाही. पण सार्गोन आणि अशुरबनिपाल यांच्यामध्ये सोळाशेहून अधिक वर्षे आहेत, आणि तेवढ्या काळात शब्द हलतात. 'विलायत' हा शब्द घ्या. इथल्या पाट्यांवर विलायत सोहार, विलायत मत्रह असे वाचतो, कारण ओमानमध्ये विलायत म्हणजे साधारण आपला तालुका. आणि पणजोबा 'विलायतेला' गेले म्हणजे इंग्लंडला गेले. मूळ अरबी शब्द एकच!

पालकांसाठीही एक गोष्ट. रास अल जिन्झला १९८५ पासून उत्खनन झाले. तिथे सिंधू संस्कृतीची मातीची भांडी सापडली, आणि बोरूच्या जुड्यांचे ठसे असलेले डांबराचे तुकडे, म्हणजे होडीचे अवशेष. हे वाचून 'आपली माणसे चार हजार वर्षांपूर्वीच इथे होती' असे म्हणावेसे वाटते. ऐकायला गोड आहे. पण भांड्यावरून भांडे आले एवढे कळते. ते आणणारा सिंधूकाठचा होता की इथला नाखवा, हे भांडे सांगत नाही. आणि सिंधूकाठच्या त्या माणसांना 'आपली मराठी माणसे' म्हणणे तर आणखी एक उडी. जो निष्कर्ष आपल्याला हवाहवासा वाटतो, त्याचा हेतू दोनदा तपासावा.

सप्टेंबर २००५ मध्ये जुन्या पद्धतीने बांधलेली बोरूची होडी सूरहून गुजरातमधल्या मांडवीला निघाली आणि पहिल्याच दिवशी बुडाली. यावरून जुन्या काळी असा प्रवास होत नव्हता असे ठरते का? आणि ती पोहोचली असती, तर होत होता असे ठरले असते का? यावर जेवताना घरी वाद घाला.

गृहपाठ (इयत्ता नववी व पुढे): अहिल्यानगर (पूर्वीचे अहमदनगर) जिल्ह्यात प्रवरा नदीकाठी दायमाबाद आहे. तिथे १९७४ साली एका शेतकऱ्याला काशाच्या चार जड वस्तू सापडल्या: बैलांचा रथ, हत्ती, गेंडा आणि रेडा. अनेक पुरातत्त्वज्ञांनी त्या उत्तर हडप्पा काळातल्या मानल्या. डी. पी. अग्रवाल यांनी हरकत घेतली, की यांत एक टक्क्याहून जास्त आर्सेनिक आहे, आणि ताम्रपाषाण काळातल्या इतर वस्तूंत असे मिश्रण आढळत नाही, म्हणून या नंतरच्या असाव्यात. अग्रवाल यांचा पूर्वपक्ष पाच ओळींत लिहा, 'असाव्यात' न गाळता. मग आर्सेनिक हा कोणत्या प्रकारचा धूर आहे ते लिहा. वस्तू उत्खननातल्या थरात न मिळता शेतकऱ्याला मिळाल्या, याने दोन्ही बाजूंना काय फरक पडतो, तेही लिहा. पालकांनी शुद्धलेखन तपासावे, उत्तर सांगू नये. वह्या पुढच्या शुक्रवारी आणाव्यात.