कमी सामान, जास्त माहोल: छोट्या व्हिडिओ गेमकडून शिकायचा धडा

नांदेडच्या बॅचमध्ये एका मुलानं मला बाजूला घेऊन विचारलं, "सर, आम्ही दोघं मित्र गेम बनवणार आहोत. कंधारच्या किल्ल्यावर. फौज, लढाया, चाळीस पात्रं. पप्पा एफडी मोडायला तयार हायेत. मोडू का?"

मी त्याला लगेच उत्तर दिलं नाही. आज देतो. तुमचा धंदा गेमचा नसला तरी वाचा, कारण प्रश्न तोच आहे: भांडवल थोडं असताना काय ठेवायचं आणि काय सोडायचं?

आधी हिशोब करू

समजा, एका पात्राला पाच दिवस लागतात. चित्र, चाल, आवाज, तपासणी, सगळं धरून. चाळीस पात्रं म्हणजे दोनशे दिवस, आणि अजून किल्ला बांधायचाच आहे! एफडी तिथंच संपते. गेम अर्धाच राहतो, आणि अर्धा गेम कुणी विकत घेत नाही.

दोन उदाहरणं बघा

डेन्मार्कच्या प्लेडेड कंपनीनं 2010 मध्ये 'लिंबो' हा गेम आणला. एक मुलगा बहिणीला शोधतोय, एवढीच गोष्ट. सगळं काळं-पांढरं. मुलाची फक्त सावली दिसते आणि डोळ्यांचे दोन पांढरे ठिपके. एकही संवाद नाही. आता धंद्याच्या नजरेनं बघा. चेहरा नाही, म्हणून हावभावांचं काम नाही. संवाद नाहीत, म्हणून गोष्ट सांगायला भाषांतराची गरज नाही. पण अंधार, पावलांचा आवाज आणि पुढे काय असेल ही धास्ती, यात काटकसर केलेली नाही. गिऱ्हाईकाला तेच आठवतं.

दुसरा 'मिनी मेट्रो', 2015 चा, न्यूझीलंडचा. पडद्यावर गोल, त्रिकोण, चौकोन आणि रंगीत रेषा. रेल्वेचा नकाशा, बस्स. त्याची सुरुवात 2013 मध्ये थोड्या दिवसांत गेम बनवायच्या एका स्पर्धेत झाली. आपण रेषा ओढतो, गाड्या पळतात, त्यावरूनच संगीत तयार होत जातं. खेळायला सोपा वाटतो, पण गर्दी वाढली की घाम फुटतो.

आणि आपल्या पुण्यात?

पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सनं 2020 मध्ये 'राजी' आणला. इथं बहीण भावाला शोधते. हा गेम मिनिमल नाही, चांगला भरजरी आहे. पण दोन गोष्टी शिकायच्या. 2017 मध्ये त्यांनी किकस्टार्टरवर लोकांकडून पैसे उभे करायचा प्रयत्न केला आणि लक्ष्य गाठलं नाही. तिथला नियम असा की लक्ष्य चुकलं तर एक रुपयाही मिळत नाही. तरी ते टिकले, पुढे एपिक गेम्सचं अनुदानही मिळालं. दुसरी गोष्ट म्हणजे, कथेचे प्रसंग त्यांनी सावल्यांच्या बाहुल्यांसारखे दाखवले. सावल्या हलतात, निवेदन चालू असतं. आपल्या सिंधुदुर्गातल्या पिंगुळीचे कलाकार चामड्याच्या बाहुल्यांचा खेळ असाच करत आलेत: एक पडदा, मागे दिवा, आणि गोष्ट सांगणारा आवाज. बाकीचं बघणारा मनात भरून घेतो.

मिनिमल म्हणजे उरकलेलं नाही

इथं लई लोक चुकतात. मी पण चुकलो होतो. लातूरला ट्यूशन एरियात दुकान टाकलं तेव्हा वह्या, खेळणी, फोटोफ्रेम, बेल्ट, सगळं भरलं. गिऱ्हाईक दारातूनच विचारायचं, "भाऊ, नेमकं काय मिळतं इथं?" वर्षभर पैसा मालात अडकला. मग फक्त अभ्यासाचं सामान ठेवलं. पण नुसतं कमी केल्यानं दुकान उघडं-बोडकं दिसायला लागलं! पेन हातात घेऊन लिहून बघायला टेबल ठेवलं, उजेड नीट केला, मोठ्यानं लागणारी गाणी बंद केली, तेव्हा पोरं थांबायला लागली. सूत्र लक्षात ठेवा: दहातल्या नऊ गोष्टी काढल्या, तर उरलेली एक दहापट नीट करावी लागते.

आता त्या मुलाचं उत्तर

भावा, एफडी मोडू नको. कंधारचा किल्ला ठेव, फौज काढ. एक पहारेकरी, एक रात्र, हातात एक दिवा. खंदकाचं पाणी, वारा, आणि लांबून येणारा एक आवाज. कोण आहे तिकडे? दहा मिनिटांचा गेम कर. गोडो हे सॉफ्टवेअर फुकट आहे, त्याला कमाईतला वाटाही द्यावा लागत नाही. इच.आयओवर फुकट टाकता येतो. स्टीमवर प्रत्येक गेमला 100 डॉलर फी आहे आणि विक्रीतला साधारण 30 टक्के वाटा ते ठेवतात, म्हणून तिथं नंतर जा. अजून एक: स्टीमवर दोन तासांपेक्षा कमी खेळलेला गेम 14 दिवसांत परत करता येतो. म्हणजे पहिल्या काही मिनिटांतच माहोल जमला पाहिजे.

आणि खरं सांगतो, साधा गेम केला म्हणून तो विकला जाईलच, असं नाही. पण नाही चालला तर तुझे तीन महिने जातील, पप्पांची एफडी जाणार नाही.

तुमचा गृहपाठ

1. तुमचा धंदा एका वाक्यात लिहा. "आणि" हा शब्द दोनदा आला तर पुन्हा लिहा.
2. काढून टाकता येतील अशा तीन गोष्टी लिहा. मोह होणारी एक त्यात असलीच पाहिजे.
3. उरलेल्यातलं एक निवडा आणि ते गिऱ्हाईकाला आठवेल असं करा.
4. दहा अनोळखी लोकांना दाखवा. ते बघत असताना तुम्ही गप्प बसा. समजावून सांगावं लागलं, तर काम बाकी आहे.

हे उत्तर त्या मुलाला मी आधी फोनवर सांगितलं. तो थोडा नाराज झाला, चाळीस पात्रांची चित्रं त्यानं काढून ठेवली होती. परवा त्याचा मेसेज आला: पहारेकरी चालायला लागलाय, दिव्याचा उजेड अजून जमत नाही. एफडी बँकेतच आहे.

भेटू पुढच्या भागात!